बावीस डिसेंबरची सावली

आमच्या शाळेचे स्नेहसंमेलन दरवर्षी डिसेंबरच्या चौथ्या आठवड्यात भरत असे. गाव साक्री तालुक्यातले, पांझरेच्या काठचे. शाळा पाचवी ते दहावीची. लेझीम, नाटुकली, बक्षीस समारंभ हे सारे चार शाळांत असते तसेच आमच्याकडेही असे. संमेलनाचा पहिला दिवस मात्र विज्ञानाच्या सरांचा होता आणि आज मी ज्या रीतीने मुलांना शिकवतो, ती रीत सहा वर्षांतल्या त्या सहा दिवसांनी माझ्या अंगी मुरवली. १९८७ पासून २८ फेब्रुवारीला राष्ट्रीय विज्ञान दिन साजरा होऊ लागला, तेव्हा हा कार्यक्रम त्या तारखेला न्यावा, अशी सूचना पुढे आली होती. सरांनी ती नम्रपणे नाकारली. त्यांना २२ डिसेंबरच हवा होता, कारण वर्षातली दुपारची सर्वांत लांब सावली त्या सुमारास पडते.

मैदानाच्या मधोमध, पाण्याने सपाटी तपासलेल्या जागेवर, एक मीटर उंचीची काठी ओळंबा लावून उभी केली जाई. सकाळी अकरापासून दर पाच मिनिटांनी सावलीच्या टोकाशी एकेक खुंटी ठोकायची आणि लांबी वहीत उतरवायची, हे काम पाचवी-सहावीच्या मुलांकडे असे. सर्वांत आखूड सावली किती वाजता पडेल, या प्रश्नावर सारी पाचवी एकमुखाने ‘बारा’ म्हणे. बारा वाजून जात आणि सावली आखूड होतच राही. साडेबाराच्या सुमारास ती थांबल्यासारखी होई आणि मग हळूहळू पुन्हा वाढू लागे. तेथे भूगोलाचे सर पुढे होत. भारताची प्रमाणवेळ मिर्झापूरजवळून जाणाऱ्या ८२.५ अंश पूर्व रेखावृत्तावरून ठरते. आम्ही त्याच्या आठ अंश पश्चिमेला, आणि दर अंशाला चार मिनिटे धरली की सूर्य आमच्या डोक्यावरच्या रेषेत यायला अर्धा तास उशीर का होतो, ते बोटांवर मोजता येई. नकाशावरच्या उभ्या रेघा मला त्या दिवसापर्यंत नुसत्या पाठ होत्या.

सावली भरे सुमारे ९८ सेंटीमीटर, म्हणजे जवळजवळ काठीएवढीच. आमचा अक्षांश २१, सूर्य विषुववृत्ताच्या दक्षिणेला साडेतेवीस. दोहोंची बेरीज साडेचव्वेचाळीस, म्हणजे दुपारी सूर्य डोक्यावरून तितके अंश दक्षिणेला कललेला. नववी-दहावीची मुले काठी आणि सावली कागदावर प्रमाणात काढून तोच कोन कोनमापकाने मोजत, आणि भूगोलाने दिलेला आकडा भूमितीतून पुन्हा हाती आला की त्यांच्या तोंडावर जे समाधान दिसे, ते मला अजून आठवते. सावली थांबण्याची वाट पाहताना संस्कृतच्या बाई भास्कराचार्यांविषयी सांगत. ‘लीलावती’त छायाव्यवहार नावाचे प्रकरणच आहे, आणि त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापल्याची नोंद असलेला शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटण्याला, म्हणजे आपल्याच खान्देशात सापडला, हे मी प्रथम त्या उन्हात उभे राहून ऐकले.

सातवीत असताना आमच्या गटाकडे फडाची प्रतिकृती आली. पांझरेवरची फड पद्धत आमच्या घरोघरी माहीत होती. नदीवर बंधारा, बंधाऱ्यातून पाट, पाटातून चाऱ्या. शिवाराचे फड पाडलेले आणि एका फडात सगळ्यांचे एकच पीक, जेणेकरून पाण्याची पाळी सर्वांना सारखी मिळावी. आम्ही मैदानाच्या कडेला चिखलमातीचा दहा हात लांब पाट केला, त्यावर मन लावून हात फिरवला, बंधाऱ्याला नदीतले गोटे लावले आणि वर बादली ओतली. पाणी निम्म्या वाटेवर तुंबले व बंधाऱ्याकडेच परत आले. दोन दिवस आम्ही जास्त पाणी ओतून पाहिले. शेवटी सरांनी गावातल्या एका म्हाताऱ्या पाटकऱ्याला बोलावले. आयुष्यभर पाटाचे पाणी वाटलेले ते बाबा गुडघ्यांवर हात ठेवून खाली बसले, पाटाकडे तिरप्या नजरेने पाहिले आणि म्हणाले, ‘पोऱ्या, तुना पाट उलटा शे.’

डोळ्यांना उतार वाटणारी जमीन चढाची होती. सरांनी गवंड्याकडून पाणी भरलेली पारदर्शक नळी मागवली; नळीच्या दोन्ही टोकांना पाणी एकाच पातळीवर राहते, एवढ्या एका गोष्टीच्या आधारे आम्ही दर हातावर जमिनीची उंची मोजली, आलेखाच्या कागदावर मांडली, आणि वाढत जाणारे ठिपके पाहून बाबांनी नुसत्या नजरेने जे ओळखले होते ते आम्हांला कागदावर दिसले. पाट मोडून पुन्हा केला. गणिताच्या सरांनी पाळीचे तास क्षेत्रफळाच्या प्रमाणात वाटायला लावले. मराठीच्या बाईंनी बाबांना तासभर बोलते करून पाण्याच्या वाटपाचे शब्द लिहून घेतले आणि तो तक्ता प्रतिकृतीशेजारी टांगला. संमेलनाच्या दिवशी पाणी शेवटच्या फडापर्यंत गेले, तेव्हा पालकांपैकी कितीतरी जण आपापल्या शेताची चारी कोठली ते वाकून दाखवू लागले.

संध्याकाळची पंगत भरताची. पऱ्हाट्यांच्या जाळावर वांगी भाजली जात, तीही आधी वाण्याच्या तराजूवर तोलून. भाजून सोलल्यावर किलोची पाऊण किलोलाही उतरत नसत. गेलेले वजन कोठे गेले, याचे उत्तर ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी पानात पडण्यापूर्वी द्यावे लागे.

आज अनेक प्रदर्शनांतून थर्माकोलचे ज्वालामुखी आणि दुकानातून आणलेल्या तयार प्रतिकृती मांडलेल्या दिसतात. मुले पाठ केलेली माहिती घडाघडा म्हणतात आणि पुढच्या पाहुण्याकडे वळतात. मला त्यांचे वाईट वाटते. ज्या प्रतिकृतीत पाणी तुंबूच शकत नाही, तिच्यापुढे मूल काय विचारणार? आमच्या सरांचा आग्रह मोजण्यावर होता, आणि एकदा मोजायला बसले की गणित, भूगोल, भाषा यांना वेगळे बोलावणे धाडावे लागत नसे.

सावलीच्या नोंदींची जाड पुठ्ठ्याची वही सरांनी निवृत्त होताना शाळेत ठेवली. मध्यंतरी संमेलनाला गेलो असता मी ती चाळली. पानोपानी ९७, ९८, ९८ असे आकडे आहेत आणि माझ्या सहावीच्या वर्षी ९४. काठी रोवण्याचे काम त्या वर्षी माझ्याकडे होते. आकडा चुकीचा दिसताच मी खोडरबर उचलला होता. सरांनी माझा हात धरला आणि आधी चूक शोधायला सांगितले. ओळंबा पुन्हा लावला, तेव्हा काठीचे टोक दोन बोटे दक्षिणेला गेलेले निघाले, आणि कमी भरलेली सावलीही जवळजवळ तेवढीच होती. तो ९४ अजून तसाच आहे. त्याच्या पुढे माझ्या अक्षरात लिहिले आहे, ‘काठी सूर्याकडे कलली होती’, आणि खाली सरांची बारीक सही आहे.