भाऊच साक्षीदार, म्हणून साक्ष खोटी?

जमावाने केलेल्या खुनाच्या खटल्यात बचावाचा पहिला मुद्दा ठरलेला: 'साक्षीदार मयताचा भाऊ आहे.' तेवढ्याने काही होत नाही. 1953 च्या दलिप सिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, जवळचा नातेवाईक खऱ्या मारेकऱ्याला सोडून भलत्याला सहसा गुंतवणार नाही. मात्र जुनं वैर असेल तर खऱ्या आरोपींसोबत एखादं निर्दोष नावही घुसडलं जातं. खरी मेख इथेच.

म्हणून साक्ष आरोपीगणिक चाळायची. फिर्यादीत नाव आहे का? हातात काय होतं, कुऱ्हाड की काठी? वार डोक्यावर सांगितला आणि शवविच्छेदनात तिथे कापलेली जखम आहे का? 'सगळ्यांनी मिळून मारलं' हे मोघम वाक्य वीस आरोपींना पुरत नाही. कोर्टात पहिल्यांदाच आलेली कुऱ्हाड पोलिस जबाबात नसेल, तर ते महत्त्वाचं ऑमिशन, म्हणजे जबाबात राहून गेलेली बाब. तपासी अंमलदाराला विचारून ते सिद्ध करून घ्यावंच लागतं. अनेक वकील नेमके इथेच चुकतात.

बेकायदेशीर जमावात (पूर्वी भारतीय दंड संहितेचं कलम 149, आता भारतीय न्याय संहितेचं 190) प्रत्येकाचा वार सिद्ध व्हावा लागत नाही. समान उद्दिष्ट आणि सहभाग पुरतो. त्यामुळे धोका बघ्यांना. त्यावर 1964 चा मसाल्ती निकाल, लिहिणारे आपले सातारचे, तेव्हाचे सरन्यायाधीश गजेंद्रगडकर: आरोपी पुष्कळ असतील तर दोन-तीन साक्षीदारांनी सुसंगतपणे नाव घेतलं असेल, तरच दोषी धरावं. हा सावधगिरीचा दंडक आहे, कायद्याने साक्षीदारांची संख्या ठरवलेली नाही.