स्वतःलाच गिळायला निघालेला साप

कॅलिफोर्नियातल्या आमच्या दवाखान्यात साप, सरडे, कासवंच जास्त येतात. त्यांचे बहुतेक आजार खरं तर काचपेटीचे असतात.

शनिवारी एक पोरगा उशीच्या अभ्र्यात घालून किंगस्नेक घेऊन आला. काळ्या अंगावर पांढरे पट्टे, लांबी जेमतेम तीन फूट, आणि स्वतःची शेपटी वीतभर गिळलेली! पोरगा ती ओढायलाच निघाला होता. आमच्या टेक्निशियनबाईंनी वेळीच त्याचा हात धरला. सापाचे दात मागे वळलेले असतात. ओढलं की मांस फाटतं. हे पेटी विकणारा दुकानदार सांगत नाही.

जबड्याच्या कडेला हँड सॅनिटायझरचा जेमतेम थेंब लावला. अल्कोहोल सापाला सहन होत नाही. आधी जबड्याची एक बाजू सैल झाली, मग दुसरी, आणि लाळेने माखलेली शेपटी हळूहळू बाहेर आली. दातांचे बारीक टोचे होते, पण कातडी शाबूत. लगेच त्याचं तोंड धुतलं. (घरी असले प्रयोग नकोत, आधी डॉक्टरला फोन करा.)

किंगस्नेक मुळात साप खाणारा. स्वतः बिनविषारी, पण रॅटलस्नेकचं विष त्याला फारसं बाधत नाही. त्याच्याच आकाराच्या, उंदीर खाणाऱ्या बिनविषारी रॅटस्नेकपेक्षा स्नायू जास्त नसूनही याचा विळखा जास्त जोरकस, असं 2017 च्या एका अभ्यासात मोजलं गेलं. वेटोळी स्प्रिंगसारखी नेमकी बसतात. आपल्याहून लांब सापसुद्धा हा गिळतो, भक्ष्याचा कणा आत नागमोडी दुमडून. म्हणजे समोर वळवळणारं, खवल्यांचं काही दिसलं की ते खाणं, हे समजू शकतं. पण बाकीचे किंगस्नेक जन्मभर आपली शेपटी मागे घेऊन फिरतात, तिला तोंड लावत नाहीत. यानेच का लावलं?

पेटीत विजेवर तापणारा दगड होता, तापमान आपोआप आवरणारा थर्मोस्टॅट नव्हता, गार कोपराही नव्हता. मी उष्णतेला दोष दिला, जास्त तापला की साप गोंधळतो म्हणून. आमचे वरिष्ठ भूक म्हणतात. त्यांना सगळ्यात भूकच दिसते. या सापाने चारच दिवसांपूर्वी उंदीर खाल्ला होता. मग त्या उंदराचा वास शेपटीला लागला होता का? तेही पटत नाही, कारण उंदीर तर सगळेच देतात.

“पुन्हा करेल का?” पोराने विचारलं. करू शकतो, म्हटलं. दगड आजच काढायला सांगितला, थर्मोस्टॅट लिहून दिला. पुढच्या खेपेला तो पोरगा पेटीच्या दोन्ही टोकांचं तापमान आठवडाभर लिहून आणणार आहे. आणलं तर.