पंचवटीहून सीतेच्या माहेरी

आमचं घर पंचवटीत, सीतागुंफेपासून चालत पाच मिनिटांवर. घरी पाहुणे आले की त्यांना गुंफा दाखवायचं काम आईकडे. वाकून, बसून, सरकत त्या अरुंद पायऱ्या उतरायच्या, दर्शन घ्यायचं आणि बाहेर वडाखाली आल्यावर सांगायचं, "इथूनच नेलं हो तिला." पन्नास वर्षं हेच सांगत आलेली आई दिवाळीत एकदम म्हणाली, "तिच्या दुःखाची जागा रोज बघते मी. एकदा तिचं माहेर बघायचंय."

माहेर म्हणजे जनकपूर. ते नेपाळमध्ये आहे, पण काठमांडूला जायची गरज नाही. बिहारच्या सीमेपासून ते वीसेक किलोमीटर आत आहे, आणि दरभंगा किंवा सीतामढीत मुक्काम केला तर गाईड घेऊन एका दिवसात जाऊन येता येतं. आम्ही फेब्रुवारीत सात जण जाऊन आलो: आई, मावशी, मी, बायको, आणि गल्लीतले तीन जण. नाशिकहून जाणाऱ्यांना उपयोग व्हावा म्हणून सगळं सविस्तर लिहितो आहे.

आधी नाशिकहून पोहोचायचं कसं ते. नाशिकरोडला पवन एक्सप्रेस थांबते. ती दरभंगा, मधुबनी करत थेट जयनगरला, म्हणजे नेपाळच्या वेशीवर जाते. दीड दिवसाचा प्रवास आहे. सातपूर-अंबडच्या कारखान्यांत काम करणारी कितीतरी मंडळी याच गाडीने गावी जातात. आमच्या डब्यात मधुबनीचं एक कुटुंब होतं. आई जनकपूरला चालली आहे म्हटल्यावर त्यांनी तिला खालचा बर्थ दिला आणि रात्रभर कुणाला तिच्या पायाशी बसू दिलं नाही. होळी आणि दिवाळी-छठच्या दिवसांत या गाडीचा विचारही करू नका, पाय ठेवायला जागा नसते. डिसेंबर-जानेवारीत तिकडे दाट धुकं असतं आणि गाड्या कित्येक तास रखडतात. फेब्रुवारीचा मधला काळ चांगला. वेळ कमी असेल तर मुंबईहून दरभंग्याला विमानही आहे.

आता कागदपत्रं, कारण आमची गाडी अडली ती इथेच. भारतीयांना नेपाळला व्हिसा लागत नाही, पासपोर्टवर शिक्काही मारत नाहीत. पण ओळखपत्र म्हणून पासपोर्ट किंवा मतदार ओळखपत्र जवळ हवं. आधार कार्ड फक्त पंधरा वर्षांखालच्या मुलांना आणि पासष्टीच्या पुढच्यांना चालतं. दरभंग्याच्या ज्या एजंटकडून आम्ही सहल ठरवली, त्याने फोनवर "आधार आणा, बस झालं" असं ठामपणे सांगितलं होतं. आई त्र्याहत्तर वर्षांची, तिचं भागलं. मावशी बासष्टची. आदल्या रात्री हॉटेलात गाईड कागद तपासायला आला तेव्हा हे लक्षात आलं. मावशीचं मतदार कार्ड नाशिकला कपाटात. मावसभावाने रात्री साडेदहाला फोटो काढून पाठवला. सीमेवरच्या जवानाने तो फोटो आणि आधार दोन्ही पाहिलं, मावशीकडे पाहिलं आणि जाऊ दिलं. पण तो त्याचा चांगुलपणा. दुसऱ्या दिवशी दुसरा माणूस असता तर मावशीला अलीकडेच बसावं लागलं असतं. दीड दिवस रेल्वेत काढून सीतेच्या दारातून परत फिरणं म्हणजे काय, याचा विचार करा आणि मूळ कार्ड घेऊनच निघा.

गाईड घ्यावा का? घ्यावा, असं माझं स्पष्ट मत आहे, विशेषतः सोबत वयस्कर माणसं असतील तर. आमचा गाईड मूळचा मिथिलेचाच, सीमेच्या दोन्ही बाजूंना त्याचे नातेवाईक. आपली गाडी पलीकडे न्यायची तर नेपाळच्या कस्टममध्ये, ज्याला ते भन्सार म्हणतात, दिवसाप्रमाणे पैसे भरून परवाना काढावा लागतो, आणि त्या रांगेत दिवसाचा चांगला तुकडा जातो. त्याने सुचवलेली सोय उत्तम होती. पहाटे पाचला दरभंग्याहून गाडीने निघून भिट्ठामोडच्या सीमेवर उतरायचं, पायी पलीकडे जायचं आणि तिथे उभ्या असलेल्या नेपाळी गाडीत बसायचं. येताना रस्त्याने न येता जनकपूरहून नेपाळच्या रेल्वेने जयनगरला यायचं. आपली गाडी तोवर रिकामी जयनगरला येऊन थांबते. गाड्या, गाईड आणि रेल्वेचं तिकीट धरून माणशी अठराशे रुपये पडले, जेवण वेगळं.

भिट्ठामोडला सीमा म्हणून डोळ्यांत भरेल असं काही नाही. अलीकडे सशस्त्र सीमा बलाचे जवान, मध्ये थोडा रस्ता, पलीकडे नेपाळची कमान. सायकलवर चारा घेऊन जाणारा माणूस, गणवेशातल्या शाळकरी मुली, लग्नाचं सामान लादलेली ई-रिक्षा, सगळे आपापल्या कामाला ये-जा करतात. आईच्या पिशवीत नारळ, खण, हिरव्या बांगड्या आणि रामकुंडाच्या पाण्याची छोटी बाटली. जवानाने पिशवी उघडायला लावली आणि बाटली हातात घेऊन विचारलं, "यह क्या है?" आई म्हणाली, "गोदावरी." त्याने बाटली पुन्हा होती तशी खणात गुंडाळून ठेवली.

पलीकडे पाऊल टाकल्याबरोबर घड्याळ पंधरा मिनिटं पुढे करा. नेपाळची वेळ आपल्या पुढे आहे आणि परतीची रेल्वे त्यांच्या वेळेने सुटते. ही पंधरा मिनिटं विसरून गाडी चुकवणारे दर आठवड्याला भेटतात, असं गाईड म्हणाला. मोबाईलची रेंज थोड्या अंतरावर जाते, म्हणून एकमेकांना शोधायची जागा आधीच ठरवून ठेवा. पैशांसाठी शंभराच्या आणि त्याखालच्या नोटा भरपूर घ्या. आपले शंभर म्हणजे त्यांचे एकशे साठ, हा दर पक्का आहे. दुकानदाराने भाव सांगितला की तो भारतीय की नेपाळी एवढं विचारून घ्या. शंभराची नोट कुणीही घेतं, पाचशेची पुढे केली की मान हलते. पाट्या देवनागरीत असल्याने आपल्याला सगळं वाचता येतं. पोलिसांना 'प्रहरी' म्हणतात, गाड्यांचे नंबरही देवनागरीत. आई जलेश्वरपर्यंत दुकानांच्या पाट्या मोठ्याने वाचत होती.

जनकपूर ही आता नेपाळच्या मधेश प्रदेशाची राजधानी आहे. गाव तळ्यांचं. वळणावळणावर पाणी दिसतं, गंगासागर आणि धनुषसागर ही त्यातली मोठी. जानकी मंदिर मात्र आपल्या डोळ्यांना चकवतं. काळारामाचा काळा दगड पाहत मोठे झालेल्या आम्हाला देऊळ म्हटलं की शिखर आणि सभामंडप आठवतो. इथे समोर उभा राहतो तो पांढराशुभ्र, रंगीत नक्षीचा, घुमट-कमानींचा राजवाडा. टीकमगढच्या राणी वृषभानू यांनी १९१०च्या सुमारास तो बांधला. टीकमगढ म्हणजे ओरछा संस्थानाची राजधानी, कुठल्या कुठे बुंदेलखंडात. बांधकामाला नऊ लाख रुपये लागले म्हणून लोक त्याला नौलखा मंदिर म्हणतात. मधोमध गाभारा आणि भोवती साठ खोल्या. आई चौकात उभी राहून सगळीकडे मान वळवून पाहत राहिली आणि म्हणाली, "मोठ्या घरची होती गं." आमच्याकडे ती कायम वनवासातलीच, वल्कलं नेसलेली. ती राजाची लेक होती, हे त्या चौकात उभं राहिल्यावर पटतं.

शक्य असेल तर दहाच्या आत पोहोचा, पुढे गर्दी वाढते. चपला गाईडजवळ द्या. दर्शन वीस मिनिटांत झालं, पण मला सांगायचंय ते त्यानंतरचं.

आईला सीतेची ओटी भरायची होती. पुजाऱ्याने खण-नारळ घेऊन पायाशी ठेवलं, गोदावरीचं पाणी शिंपडलं. शेजारी बसलेली एक म्हातारी हे सगळं बघत होती. तिने विचारलं, "ई की छै?" गाईडने सांगितलं, ही नाशिकची बाई, तिच्याकडे लेकीसुनांची अशी ओटी भरतात. म्हातारी हसली. म्हणाली, आमच्याकडेही आहे, त्याला खोंइछ म्हणतात. लेक माहेरहून सासरी निघाली की आई तिच्या पदरात तांदूळ, हळकुंड, दूर्वा आणि पैसा बांधून देते. मग तिने आईला पदर पसरायला लावला, मूठभर तांदूळ, हळदीचा तुकडा, दूर्वांची जुडी आणि एक नेपाळी नाणं त्यात घातलं, आणि स्वतःच्या हाताने गाठ मारली. एकीला मैथिली येते, दुसरीला मराठी. दोघी एकमेकींचे हात धरून कितीतरी वेळ बसल्या होत्या. मी फोटो काढला नाही, काढावासा वाटला नाही.

देवळाला लागूनच विवाह मंडप आहे, नेपाळी धाटणीच्या उतरत्या छपराचा. थोडं तिकीट आहे, जरूर जा. मध्ये राम-सीतेचं लग्न लागलेलं आणि चार कोपऱ्यांत चार जोडपी: राम-सीता, लक्ष्मण-ऊर्मिला, भरत-मांडवी, शत्रुघ्न-श्रुतकीर्ती. मावशीने चौघींना हळदकुंकू वाहिलं. गाईडने इथे सांगितलेली एक गोष्ट मनातून जात नाही. मार्गशीर्ष शुद्ध पंचमीला, म्हणजे विवाहपंचमीला, जनकपुरात मोठा सोहळा होतो, अयोध्येहून वरात येते. पण मिथिलेतली माणसं त्या तिथीला आपल्या मुलींची लग्नं लावत नाहीत. त्या मुहूर्तावर दिलेल्या लेकीच्या वाट्याला काय आलं ते त्यांनी पाहिलंय. रामाला ते 'पाहुन' म्हणतात. आपण जावयाला पाहुणे म्हणतो तसंच. मान सगळा द्यायचा, पण लेकीचं दुःख विसरायचं नाही, असा तो सूर आहे.

जेवण चौकाजवळच्या साध्या खानावळीत घेतलं. डाळ-भात, तरुआ म्हणजे पिठात घोळून तळलेले भाज्यांचे काप, आणि मखाण्याची खीर. 'पग-पग पोखरि, माछ, मखान' अशी त्यांची म्हण आहे: पावलापावलाला तळं, मासे आणि मखाणा. मासे खाणाऱ्यांची चंगळ आहे. शाकाहारी मंडळींनी वेगळ्या कढईबद्दल आधी विचारावं.

एजंटने छापून दिलेल्या कार्यक्रमात धनुषाधामही होतं, शिवधनुष्याचा तुकडा पडला ती जागा. ते एका दिवसात बसत नाही. जनकपूरहून तासभर लांब आहे, आणि गेलो तर रेल्वे चुकते. कुणी दोन्ही दाखवतो म्हटलं तर त्याला परतीची वेळ विचारा. तसंच गंगासागरची संध्याकाळची आरती एका दिवसाच्या सहलीत मिळत नाही, याची मला अजून हळहळ आहे. जमलं तर एक रात्र जनकपुरातच राहा.

परतीची रेल्वे हा या सहलीतला मोठा आनंद. जयनगर-जनकपूर रेल्वे १९३७ची, आधी अरुंद रुळांवरची. २०१४ला ती बंद पडली, मोठे रूळ टाकून एप्रिल २०२२मध्ये पुन्हा सुरू झाली. तिच्यावर धावणाऱ्या गाड्या चेन्नईच्या कारखान्यात बनल्या आणि त्या नेपाळला दिल्या आपल्या कोकण रेल्वेने. हे सांगितल्यावर आमच्या गटातल्या मूळच्या चिपळूणच्या काकांनी डब्याच्या दारावर प्रेमाने हात फिरवला. तिकिटाच्या खिडकीवर ओळखपत्र दाखवावं लागतं, म्हणून तासभर आधी स्टेशनवर या. तिकिटावरचं साल पाहून दचकू नका. त्यांच्याकडे विक्रम संवत चालतो, फेब्रुवारीत तो आपल्यापेक्षा छप्पन वर्षांनी पुढे असतो.

गाडीत गर्दी होती, पण आईला खिडकी मिळाली. दोन्हीकडे मोहरीची पिवळी शेतं. परवाहा गेलं, आणि पुढच्या फलाटावर पाटी आली, 'वैदेही'. आईने ती दोनदा वाचली. आमच्याकडे तिच्या नावाची गुंफा आहे, तिच्याकडे तिच्या नावाचं स्टेशन. सव्वा तासात जयनगर आलं. इथे उतरल्यावर सामान तपासतात, त्यामुळे घाई करून उपयोग नाही. दरभंग्याला पोहोचेपर्यंत रात्रीचे नऊ वाजले. वयस्करांसाठी दिवस लांबलचक होतो, हे आधीच धरून चाला आणि दुसऱ्या दिवशी लगेच परतीचं तिकीट काढू नका.

आणि ओटी न्याल तर पिशवीत एक स्वच्छ सुती रुमालही ठेवा. आमच्याकडे नव्हता. आईने पदराची ती गाठ दरभंग्यापर्यंत मुठीत धरून आणली.