बाईंनी वाचून दाखवलेला कार्व्हर

आमच्या मराठीच्या बाई ऑफ तासाला आल्या की ‘गप्प बसा’ म्हणत नसत, पुस्तक उघडत. आठवीत त्यांनी वाचायला घेतलं ते वीणा गवाणकर यांचं ‘एक होता कार्व्हर’, म्हणजे जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर या अमेरिकेतल्या काळ्या शेतीशास्त्रज्ञाचं चरित्र. १९८१ साली निघालेलं ते पुस्तक तेव्हा तसं नवंच होतं. घंटा झाली की बाई खूण घालून पुस्तक मिटायच्या आणि पुढे जॉर्जचं काय झालं असेल, या काळजीत आम्ही घरी जायचो. शाळेच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेत लिहाव्यात अशा आठवणी पुष्कळ आहेत. पण पुढे मी मृदाशास्त्र शिकले आणि शेतकऱ्यांनी पिशवीत बांधून आणलेली माती तपासण्यात माझी सगळी नोकरी गेली, त्याचं मूळ या ऑफ तासांत आहे. तेव्हा लिहायचं ते त्याविषयीच.

अमेरिकेतल्या मिसुरी राज्यात डायमंड ग्रोव्हजवळ मोझेस आणि सुसान कार्व्हर यांचं शेत होतं. त्या शेतावर १८६४ च्या सुमारास एका गुलाम बाईच्या पोटी जॉर्ज जन्मला. गुलामाच्या मुलाची जन्मतारीख कोण लिहून ठेवणार? तान्हा असतानाच दरोडेखोरांनी त्याला आईसकट पळवून नेलं. मोझेसनं शोधायला माणूस पाठवला. त्याला पोर मिळालं, आई मिळाली नाही. त्या कामगिरीबद्दल मोझेसनं त्याला आपला घोडा दिला.

‘बाई, नंतर तरी भेटली का त्याची आई?’ मागच्या बाकावरून कुणीतरी विचारलं. बाई म्हणाल्या, ‘नाही. कधीच नाही.’ आणि पुढचं पान उलटलं. आमची समजूत काढायला त्यांनी एक शब्दही वाढवला नाही, याबद्दल मला आजही त्यांचा आदर वाटतो. तेरा वर्षांच्या मुलांना खरं ऐकवायला पुष्कळ मोठी माणसं घाबरतात. बाई घाबरल्या नाहीत.

जॉर्ज शाळेसाठी घर सोडून निओशोला गेला. तिथे मारिया वॉटकिन्स या सुईणीनं त्याला आसरा दिला. पुढे गावोगाव लोकांचे कपडे धुऊन, इस्त्री करून त्यानं शिक्षणाचे पैसे मिळवले. फोर्ट स्कॉट गावात एका काळ्या माणसाला जमावानं ठार मारलेलं त्यानं डोळ्यांनी पाहिलं आणि ते गाव सोडलं. कॅन्ससमधल्या हायलंड कॉलेजनं पत्रानं प्रवेश दिला, पण जॉर्ज दारात उभा राहिल्यावर त्याचा रंग पाहून नाकारला. तरी तो शिकलाच. आधी आयोवातल्या सिम्प्सन कॉलेजात चित्रकला, मग एम्सच्या कृषी महाविद्यालयात शेतीशास्त्र. १८९६ मध्ये पदव्युत्तर पदवी हातात आली आणि त्याच वर्षी अलाबामातल्या टस्कीगी या काळ्यांसाठीच्या शिक्षणसंस्थेचे प्रमुख बुकर टी. वॉशिंग्टन यांच्या बोलावण्यावरून तो तिथे शिकवायला गेला. १९४३ मध्ये मरेपर्यंत तिथेच राहिला.

टस्कीगीचा भाग आला आणि आमचा खानदेशी वर्ग खऱ्या अर्थानं जागा झाला, कारण तिथे कापूस होता. वर्षानुवर्षं कापसावर कापूस घेऊन जमीन निकस झालेली, शेतकरी कर्जात बुडालेले, जमीन दुसऱ्याची. त्यात १९१० च्या आसपास कपाशीची बोंडं पोखरणारा बोल वीव्हिल नावाचा भुंगा अलाबामात पोचला. कार्व्हर तर आधीपासून सांगत होते की चवळी लावा, भुईमूग लावा, रताळी लावा, जमिनीला दम खाऊ द्या.

रात्री जेवताना मी हे आप्पांना सांगितलं. आप्पा म्हणाले, ‘भुईमुगाचा बेवड चांगला असतो, त्याच्यामागून घेतलेलं पीक जोमात येतं, हे आम्ही आमच्या आज्यापासून ऐकतो. पण का चांगला, ते विचार तुझ्या कार्व्हरला.’ मी विज्ञानाच्या सरांना विचारलं. सरांनी दुसऱ्या दिवशी शेजारच्या शेतातून भुईमुगाचं रोप मुळासकट आणलं. मुळांवरच्या बारीक गाठी दाखवल्या. एक गाठ नखानं फोडली, तर आत गुलाबी रंग! त्या गाठींमधले जिवाणू हवेतला नत्र पिकाला मिळवून देतात, हे त्या दिवशी कळलं. पाठ्यपुस्तकात ते वाक्य होतंच, पण त्याचा संबंध आप्पांच्या शेताशी आहे हे वाक्यात लिहिलेलं नव्हतं.

मोठेपणी भावाकडे न्यू जर्सीला गेले तेव्हा भाचीच्या शाळेच्या निमित्तानं तिथल्या सार्वजनिक वाचनालयात कार्व्हरवरची मुलांची पुस्तकं एका बैठकीत वाचून काढली. अलिकी यांचं १९६५ चं चित्रमय ‘अ वीड इज अ फ्लॉवर’ अगदी लहानांसाठी आहे. मॅरिलिन नेल्सन यांनी २००१ मध्ये कार्व्हरचं सगळं आयुष्य कवितांमधून मांडलं. तसं पुस्तक मराठीत कुणी कवीनं करावं, असं मला मनापासून वाटतं. सुसान ग्रिग्ज्बी यांच्या २०१० च्या पुस्तकात कार्व्हर घोडागाडी घेऊन गावात येतात आणि शाळेतल्या मुलांकडून बाग करून घेतात. ती गाडी खरी होती. १९०६ पासून टस्कीगीची फिरती शेतीशाळा अवजारं आणि बियाणं घेऊन थेट बांधापर्यंत जात होती.

पण बाकीच्या बऱ्याच साहित्यात कार्व्हर म्हणजे ‘शेंगदाण्यातून तीनशे वस्तू काढणारा माणूस’ एवढंच उरतं. भाचीच्या एका तक्त्यावर तर पीनट बटर त्यांनीच शोधलं असं छापलं होतं. ते खरं नाही. कॅनडाच्या मार्सेलस एडसन यांनी शेंगदाण्याच्या तशा लगद्याचं पेटंट १८८४ मध्येच घेतलं होतं. कार्व्हर यांच्या नावावर पेटंटं तीनच, तीही सौंदर्यप्रसाधनं आणि रंगांची. त्यांच्या वस्तूंपैकी फार थोड्या बाजारात टिकल्या. गवाणकरांचं पुस्तक आलं त्याच १९८१ साली अमेरिकेत लिंडा मॅकमरी यांनी कार्व्हरचं अभ्यासपूर्ण चरित्र लिहून दंतकथा आणि माणूस वेगळे केले.

हे वाचल्यावर कार्व्हर मला अधिकच मोठे वाटले. त्यांचं खरं काम वस्तूंच्या यादीत नव्हतंच. ज्याच्या खिशात खताला पैसे नाहीत त्यानं काय करायचं, हा त्यांचा प्रश्न होता. रानातला पालापाचोळा आणि दलदलीतला गाळ कुजवून शेतात घाला. ओकची फळं डुकरांना चारा. घराला रंग नाही? डोंगरातली रंगीत माती कालवून भिंती सारवा. हे सगळं त्यांनी साध्या भाषेतल्या पत्रकांमधून लिहिलं. अशी चाळीसहून अधिक पत्रकं टस्कीगीतून निघाली. १९१६ च्या पत्रकात भुईमूग लावायचा कसा, हे तर आहेच, शिवाय शेंगदाण्याचे १०५ पदार्थ आहेत, कारण पिकवलेलं आधी घरात खाल्लं जायला हवं.

नोकरीत मी त्या पत्रकांचीच नक्कल केली. माती परीक्षणाच्या अहवालावर सेंद्रिय कर्ब, नत्र, स्फुरद, पालाश यांचे आकडे असतात. शेतकरी कागद घडी करून खिशात ठेवतो आणि विचारतो, ‘ताई, म्हणजे करू काय?’ मग अहवालाच्या मागच्या कोऱ्या बाजूवर मी लिहायला लागले: या वर्षी कापूस नको, मूग घ्या, पाला शेतातच गाडा. पुढच्या हंगामात लोक तो कागद जपून परत आणत.

या महोत्सवी वर्षात वाचनालयाला ‘एक होता कार्व्हर’च्या, वर्गातल्या दर बाकाला एक पुरेल इतक्या प्रती देते आहे. आठवीला शिकवणाऱ्या शिक्षकांना दोन विनंत्या. मुलांना कार्व्हर सांगताना फोर्ट स्कॉट गाळू नका आणि हायलंडही गाळू नका. आणि पावसाळ्यात भुईमूग फुलावर आला की वर्ग शेजारच्या शेतात न्या. मालकाला आधी विचारा. रोप हलकेच खणून काढा, ओढलंत तर गाठी मातीतच राहतात.