पिवळं सूत हवेत निळं होतं : घरच्या नीळकुंडाचा माझा अनुभव

नीळकुंडातून, म्हणजे नीळ विरघळवलेल्या रंगाच्या भांड्यातून, वर काढलेली सुताची लड पहिल्या क्षणी पिवळसर हिरवी असते. हवा लागली की ती कडांपासून गडद होत जाते आणि मिनिट-दोन मिनिटांत निळी होते. नीळ पाण्यात विरघळत नाही. चुन्याच्या पाण्यात फ्रुक्टोजने (फळांतल्या साखरेने) तिचं क्षपण, म्हणजे ऑक्सिजन लागण्याच्या उलट क्रिया, झालं की ती पिवळसर आणि विरघळणारी होते, म्हणून धाग्यात शिरू शकते. बाहेर हवेतला ऑक्सिजन तिला पुन्हा निळी, न विरघळणारी करतो आणि ती धाग्यातच अडकून बसते. त्यामुळे कुंडात हवा जाऊ द्यायची नाही आणि बाहेर काढल्यावर भरपूर मिळू द्यायची, हे सांभाळलं की बरंच काम झालं. रंग पक्का करायला तुरटी वगैरे काहीच लागत नाही.

गिरणीच्या सुताला मेण असतं, कधी खळही असते. ही दोन्ही काढल्याशिवाय रंग आत जात नाही. 100 ग्रॅम सुताला 3 लिटर पाणी, चमचाभर धुण्याचा सोडा आणि थोडा साबण घालून तासभर उकळते. पाणी चहासारखं होतं. सुकलेल्या लडीवर पाण्याचा थेंब टाकला आणि तो तसाच बसून राहिला, तर पुन्हा उकळावं लागतं. लड चार ठिकाणी बांधायची, पण सैल. घट्ट गाठीखाली पांढरं कडं राहतं आणि ते नंतर भरून निघत नाही.

आठ लिटरच्या कुंडाला मी 24 ग्रॅम नीळ, 48 ग्रॅम विरवलेला चुना आणि 72 ग्रॅम फ्रुक्टोज घेते, म्हणजे एकास दोनास तीन हे प्रमाण. नीळ झाडाच्या पानांपासून केलेली हवी. पांढऱ्या कपड्यांना घालायची किराणा दुकानातली नीळ इथे चालत नाही. चुनकळी थेट टाकू नये, ती पाण्यात खदखदते. विरवलेली पूडही डोळ्यांना आणि हातांना वाईट, तेव्हा हातमोजे आणि चष्मा हवाच. फ्रुक्टोज नसेल तर पिकलेली केळी उकळून गाळलेलं पाणी किंवा गूळ चालतो. गुळात साध्या साखरेबरोबर थोडं ग्लुकोज आणि फ्रुक्टोज असतं, काम ही दोनच करतात. म्हणून गूळ जास्त लागतो आणि वेळही. नुसती साखर घालून काही होत नाही. दक्षिणेकडच्या पारंपरिक कुंडांत चुन्याबरोबर टाकळ्याचं बी उकळून घालतात आणि कुंड आंबवतात. तो रस्ता सुंदर आहे, पण त्याला दिवस लागतात आणि रोज लक्ष द्यावं लागतं.

नीळ आधी भिजवायलाच हवी. कोरडी पूड पाण्यावर तरंगते आणि तिच्या गुठळ्या होतात. बाटलीत कोमट पाणी, नीळ आणि काचेच्या चार-पाच गोट्या घालून पाच मिनिटं जोरात हलवते. स्टीलच्या उंच पातेल्यात पाणी 50 अंशांपर्यंत तापवून त्यात फ्रुक्टोज, मग नीळ आणि शेवटी चुना चिमटीने भुरभुरत घालते. ढवळणं हळू आणि एकाच दिशेने. भोवरा केला तर हवा आत ओढली जाते. पंधरा-वीस मिनिटांच्या अंतराने तीनदा ढवळून झाकून ठेवायचं. वर तांब्याच्या रंगाची साय आणि निळा फेस आला, खालचं पाणी पारदर्शक मधासारखं दिसलं की कुंड तयार. पाणी निळं दिसत असेल तर क्षपण अपुरं आहे. अशा वेळी पुन्हा गरम करून फ्रुक्टोज वाढवावं. पाणी पिवळं, पण गढूळ असेल तर चुना अजून बसलेला नाही, नुसतं थांबावं. पीएच (पाणी किती आम्ल किंवा अल्कधर्मी आहे त्याचं माप) पट्टीवर 10 च्या खाली गेलं तर सुताला रंग फिकट चढतो. तेव्हा चमचाभर चुना.

बुडवण्याआधी फेस बाजूला काढते आणि तळाच्या गाळावर स्टीलची जाळी ठेवते. गाळाला लागलेल्या सुतावर डाग पडतात. सूत ओलं करून, पिळून, हळूच आत सोडायचं, कारण कोरड्या सुतात हवा असते. आत पाच ते दहा मिनिटं. काढताना पाण्याच्या पृष्ठभागाजवळच पिळायचं. उंचावरून थेंब पडले की प्रत्येक थेंबाबरोबर हवा आत जाते. मग लडीचे धागे मोकळे करून वीस मिनिटं हवेत.

गडद रंगासाठी बुडी लांबवणं हा मोह टाळावा. जास्त वेळ ठेवून किंवा कुंड दाट करून चढलेली नीळ धाग्याच्या वरच राहते आणि हाताला, कपड्याला लागते. एका बुडीत आकाशी येतो, तीन-चार बुड्यांत मध्यम निळा, सहा-आठ बुड्यांत खोल. ओला रंग नेहमी गडद भासतो, म्हणून एक टोक सुकवूनच ठरवते.

सूत पूर्ण वाळल्यावर साध्या पाण्याने, मग लिटरला चमचाभर व्हिनेगर घातलेल्या पाण्याने धुवायचं. चुना राहिला तर सूत खरखरीत होतं. त्यानंतर गरम साबणपाणी, धुणाचं पाणी स्वच्छ येईपर्यंत. रेशमाला इतकं तीव्र कुंड सोसत नाही, त्याला चुना कमी आणि बुडी छोटी.

हिरवा हवा असेल तर आधी सूत डाळिंबाच्या सालीत पिवळं रंगवून मग एक बुडी द्यावी. हळदीचा पिवळा उन्हात उडतो आणि काही आठवड्यांत हिरव्याचा पुन्हा निळाच उरतो.