बाबांचा डावा कान

रात्री साडेनऊला आमच्याकडे जेवणं आटोपतात आणि मी अमेरिकेचे कान उघडून बसते. म्हणजे तिकडच्या ईएनटी डॉक्टरांचे चार्ट. अकरा वर्षं झाली मेडिकल कोडिंगला. आधी विजय नगरच्या एका ऑफिसात, आता लोकमान्य नगरच्या घरातच, देवघराशेजारच्या खोलीत. सासूबाई अजूनही सगळ्यांना सांगतात, "सून कंप्यूटरवर डॉक्टरीचं काहीतरी करते."

काम सांगायला सोपं आहे. डॉक्टरने लिहिलेलं वाचायचं आणि त्याला आयसीडी-टेन-सीएम, म्हणजे तिकडच्या आजारांच्या कोडच्या पुस्तकातला नंबर द्यायचा. नंबर चुकला की विम्याचा क्लेम परत.

आता कानाची बाहेरची नळी अरुंद होणं हेच घ्या. मोठ्या माणसाची ही नळी जेमतेम अडीच सेंटीमीटर, बाहेरचा एक तृतीयांश भाग कूर्चेचा, आतला हाडाचा. तेवढ्याशा बोळासाठी एच६१.३ या एका घरात सोळा कोड राहतात! शेवटचा आकडा बाजू सांगतो: १ उजवा, २ डावा, ३ दोन्ही, आणि ९ म्हणजे डॉक्टरसाहेब लिहायला विसरले. त्याच्या आधीचा आकडा कारण सांगतो. मार लागून झालं असेल तर १, सूज किंवा संसर्गाने असेल तर २, कारणच लिहिलं नसेल तर शून्य, आणि बाकीची भानगड ९ मध्ये. जन्मापासूनच अरुंद असेल तर या घरात प्रवेशच नाही, ते क्यू१६.१ मध्ये, आणि तिथे डावं-उजवं कुणी विचारत नाही. ऑपरेशननंतर नळी आकसली असेल तर एच९५.८१. मी शिकत होते तेव्हा जुनं पुस्तक होतं. त्यात मार, ऑपरेशन आणि सूज ही सख्खी भावंडं होती, ३८०.५१, ५२, ५३. २०१५च्या १ ऑक्टोबरला नवं पुस्तक लागू झालं आणि मधल्या भावाची वाटणी होऊन तो वेगळा राहायला गेला. एकाच कानाच्या एकाच अरुंदपणाला आता एच६१.३ आणि एच९५.८१ एकत्र लावता येत नाहीत.

खरी मारामारी त्या कारणाच्या आकड्यावर होते. सुरुवातीला मला एक एरर बसली ती अजून आठवते. चार्टमध्ये डाव्या कानाची नळी अरुंद असं लिहिलेलं, आणि खाली दोन ओळी सोडून, बाहेरच्या कानाला वारंवार सूज. मी खुशाल एच६१.३२२ दिला. उघड आहे ना, सूज येऊन येऊन कातडी जाड झाली, नळी आकसली. क्यूएवाल्या, म्हणजे आमचं काम तपासणाऱ्या मॅडमनी लाल केलं. "डॉक्टरने 'यामुळे' असं कुठे लिहिलंय? दाखव." नव्हतं लिहिलेलं. म्हणजे एच६१.३०२, आणि सुजेचा कोड वेगळा. हवं तर डॉक्टरला क्वेरी पाठव, म्हणजे कारण विचार. स्वतः जोडायचं नाही. मला तेव्हा वाटलं होतं, बाई जरा जास्तच करतायत.

तर मागच्या महिन्यात आमच्या बाबांना, म्हणजे सासऱ्यांना, श्रवणयंत्र घ्यायचं ठरलं. टीव्हीचा आवाज पार कोपऱ्यावरच्या पोहेवाल्यापर्यंत जायला लागला होता. यंत्रासाठी कानाचा साचा घेतात. उजव्याचा झाला, डाव्याचा होईना. तो मुलगा म्हणाला, "अंकल, इकडे रस्ताच नाहीये." मग ईएनटी. त्यांनी कागदावर इंग्रजीत लिहिलं, डावी नळी अरुंद. बास. कारण नाही. रिक्षात बसल्या बसल्या माझ्या डोक्यात एच६१.३०२ येऊन गेला, आणि लगेच मी त्यातलं शून्य खोडून दोन केलं. कारण मला माहीत होतं! बाबांची लूनाची किल्ली. लूना भंगारात जाऊन वीस वर्षं झाली, किल्ली अजून खिशात, आणि जेवण झालं की डाव्या कानात. शिवाय आगपेटीची काडी, कोमट तेल, आणि राजवाड्यापाशी बसणारे ते कान साफ करणारे. कान वाहिला, खाजला, पुन्हा किल्ली.

डॉक्टरांनी सीटी स्कॅन सांगितला होता, कारण अशा बोळाच्या मागे कातडीचा कचरा साचून हाड पोखरलं जाऊ शकतं, आणि ते बाहेरून दिसत नाही. स्कॅनच्या आदल्या दिवशी मी बाबांना औषधाचे थेंब घालत होते. कान जरा पुढे ओढला, तर मागे कानाच्या मुळाशी एक पांढरी रेघ. सरळ, वरून खाली, बोटभर. फोडाची खूण अशी नसते.

"बाबा, हे काय आहे?"

"कुठे काय."

"बाबा, ऑपरेशन झालंय ना तुमचं?"

ते किल्लीशी खेळत राहिले. मग म्हणाले, नागपूरला मामाकडे होतो, अकरावीत. कानामागे टमाटरएवढं सुजलं होतं. हाड कोरून काढलं म्हणाले. पंधरा दिवस डोक्याला पट्टा.

म्हणजे शून्यही नाही, दोनही नाही. कदाचित घरच वेगळं, एच९५.८१२. आणि तेही मी नाही, डॉक्टर म्हणतील तेव्हा. मी कागदाच्या मागे "अकरावीत डाव्या कानाचं ऑपरेशन, नागपूर" असं लिहून ठेवलं.

दारात सासूबाई उभ्या होत्या, हातात गाळणं तसंच.

"अहो, मला तर तुम्ही गळू झालं होतं म्हणून सांगितलंत."

"लग्न ठरत होतं तेव्हा," बाबा म्हणाले. "बहिरा म्हणून नाही म्हणाली असतीस."

"काय म्हणालात?"

"काही नाही."

आता सासूबाईंचेही कान तपासायचे आहेत, गुरुवारी.