आमची वाटचाल: लग्नाच्या शूटिंगपासून घरच्या रिळांपर्यंत

आमचा मूळ धंदा लग्नाच्या शूटिंगचा. नारायण पेठेतल्या एका खोलीत दोन व्हीसीआर जोडून एडिटिंग चालायचं. भागीदार माझा मावसभाऊ. कुणाच्या माळ्यावरचं सुपर एटचं, म्हणजे घरगुती चित्रीकरणाच्या ८ मिलिमीटर फिल्मचं, रीळ पहिल्यांदा हातात आलं तेव्हा तोच म्हणाला, "लग्नं कुणीही काढेल. आपण ही रिळं व्हिडिओवर उतरवून देऊ."

त्याने जुन्या बाजारातून तीन पात्यांच्या शटरचा, म्हणजे दिव्यासमोर फिरून उजेड झाकणाऱ्या झडपेचा, प्रोजेक्टर आणला. व्हिडिओ सेकंदाला २५ फ्रेमचा, रीळ १८ चं. तसंच घेतलं तर चित्र लपलपतं. मोटर १६ पूर्णांक दोन तृतीयांशवर आणली की तीन पात्यांमुळे उजेड सेकंदाला ५० वेळा पडतो, २५ च्या बरोबर दुप्पट, आणि लपलप थांबते. तो वेग त्याने रात्री जागून जमवला.

पुढे आमच्याच रस्त्यावर एकाने अर्ध्या दराची पाटी लावली. भिंतीवर चित्र पाडायचं आणि हँडीकॅमवर घ्यायचं, लपलपीसकट. दराचं एक वेळ सोडा. पण "आता यांचं काय काम?" म्हणत मूळ रिळं तो ठेवून घ्यायचा आणि भंगारात घालायचा. आमचं गिऱ्हाईक तिकडे गेलं, भाडं थकलं, मावसभावाने नोकरी धरली. नंतर तीच माणसं सीडी घेऊन आमच्याकडे दुरुस्तीला यायची. मूळ रीळ कुठंय विचारलं की गप्प. तो राग अजून गेलेला नाही.

त्या काळात दुकान टिकलं ते प्रभात रस्त्यावरच्या एका आजींमुळे. त्यांनी कधी घासाघीस केली नाही, आणि सगळं नातेवाईकांचं गोत आमच्याकडे धाडलं. ५० फुटांचं रीळ सव्वातीन मिनिटांत संपतं, तरी आजोबांनी वाड्यातली मंगळागौर आणि नळावर भांडी घासणाऱ्या बाई अगदी निवांत टिपल्या आहेत. सिनेमे जपायला पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. पण तो वाडा पडला, तिथे इमारत झाली. त्याचा चौक चालता-बोलता पाहायचा तर आता आजींच्या डब्यातच.

आता आमच्याकडे दातेरी चाकांशिवायचा स्कॅनर आहे, कारण जुनी फिल्म आक्रसते आणि दात्यांवर फाटते. म्हणून घरचा प्रोजेक्टर हौसेने लावून बघू नका. डबा उघडून आधी वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट आला तर ॲसिटेट, म्हणजे फिल्मची प्लास्टिकची पट्टी, कुजू लागलंय. ते रीळ बाकीच्यांपासून वेगळं, थंड कोरड्या जागी ठेवा आणि लवकर स्कॅन करून घ्या. काम कुणाकडेही द्या, मूळ रीळ मोजून परत घ्या.